कंबरदुखीचा चार्ट कोड करताना एम५४.५० वर कधी आणि कसं पोचायचं

अमेरिकेतले आउटपेशंट चार्ट कोड करणाऱ्या, म्हणजे डॉक्टरने लिहिलेल्या निदानाला विम्याच्या क्लेमसाठी कोड लावणाऱ्या कुणालाही विचारा, ऑर्थो असो, पेन मॅनेजमेंट असो, फॅमिली प्रॅक्टिस असो की फिजिओ, कंबरदुखी रोजचीच. आणि रोजची असते म्हणूनच गडबड होते. लो बॅक पेन वाचलं की बोटं आपोआप एम५४.५०, म्हणजे कारण न सांगितलेल्या कंबरदुखीचा कोड, टाइप करतात आणि आपण पुढच्या चार्टवर, कारण प्रॉडक्शन टार्गेट मानगुटीवर बसलेलं असतं. बऱ्याचदा ते बरोबर निघतंही. पण तितक्याच वेळा त्याच नोटच्या तळाशी डॉक्टरने त्याहून नेमकं काहीतरी लिहिलेलं असतं आणि मग क्यूएवाला (काम तपासणारा) एरर मारतो नाहीतर पेयर (पैसे देणारी विमा संस्था) क्लेम परत पाठवतो. माझी पद्धत सरळ आहे, आधी बाकीच्या दारांवर टकटक करायची, कारण लिहिलंय का, पायात कळ जातेय का, इजा झालीय का, आणि सगळीकडून नाही आलं तरच एम५४.५ च्या घरात शिरायचं.

सुरुवातीला एम५४.५ या जुन्या चार-अक्षरी कोडला रामराम करून टाकू. तो ३० सप्टेंबर २०२१ पर्यंत चालला. १ ऑक्टोबर २०२१ पासून त्याचे तीन कोड झाले: एम५४.५० लो बॅक पेन अनस्पेसिफाइड, एम५४.५१ वर्टेब्रोजेनिक लो बॅक पेन, आणि एम५४.५९ अदर लो बॅक पेन. इतकी वर्षं झाली तरी डॉक्टरच्या जुन्या टेम्प्लेटमधून, फेव्हरिट लिस्टमधून, कुणीतरी फॉरवर्ड केलेल्या चीटशीटमधून एम५४.५ अजून डोकावतोच, आणि तसाच गेला तर इनव्हॅलिड डायग्नोसिस म्हणून परत येतो. गूगल केलं तर तो व्हॅलिड दिसतो यानेही लोक गोंधळतात, पण ते डब्ल्यूएचओचं मूळ आयसीडी-१० असतं, आपण वापरतो ते अमेरिकेचं आयसीडी-१०-सीएम, दोन्ही वेगळी. सीएम दर वर्षी १ ऑक्टोबरला बदलतं, कधी कधी १ एप्रिललाही थोडे बदल येतात. कोणत्या वर्षीचं पुस्तक लावायचं ते डेट ऑफ सर्व्हिस ठरवते, क्लेम कधी पाठवला त्याच्याशी संबंध नाही. इनपेशंट असेल तर डिस्चार्जची तारीख बघायची.

आता चार्ट कुठून वाचायचा. चीफ कम्प्लेंट आणि एचपीआय (आत्ताच्या आजाराची हिस्ट्री) वाचा जरूर पण कोड ठरवा असेसमेंट आणि प्लॅनवरून, कारण वर पेशंट काय म्हणाला ते असतं आणि खाली डॉक्टरचं मत असतं. इथे आउटपेशंटचा एक नियम पाठ हवा, प्रॉबेबल, सस्पेक्टेड, रूल आउट, कन्सिस्टंट विथ, वर्किंग डायग्नोसिस असं काही पुढे लागलेलं असेल तर तो आजार कोड करायचा नाही, फक्त जे नक्की माहितीय ते, म्हणजे लक्षण. डॉक्टर लिहितो "लो बॅक पेन, रूल आउट डिस्क हर्निएशन, एमआरआय ऑर्डर केला" तर डिस्कचा कोड विसरा, एम५४.५० लावा. इनपेशंट हॉस्पिटल फॅसिलिटी कोडिंगला नियम उलटा आहे, तिथे डिस्चार्जच्या वेळी असं अनिश्चित निदान राहिलं तर ते असल्यासारखं कोड करतात, म्हणून दोन्हीकडे काम करणाऱ्यांनी जरा सावध राहायचं.

एमआरआयचं पण असंच. ऑफिस व्हिजिट कोड करताना चार्टला जोडलेल्या रिपोर्टमध्ये डिस्क हर्निएशन दिसतंय पण डॉक्टरने आपल्या नोटमध्ये त्याचा उल्लेखच नाही केला, तर आपण रिपोर्टमधून उचलून कोड लावायचा नाही. पण रेडिओलॉजिस्टचा स्वतःचा क्लेम कोड करत असाल तर त्याने वाचून फायनल रिपोर्ट दिलेला असतो, तिथे कन्फर्म झालेलं निदान त्याच रिपोर्टवरून घ्यायचं. एकच कागद पण कुणासाठी बिल करताय त्यावर नियम बदलतो.

आता पहिलं दार, कारण. कंबर का दुखतेय हे डॉक्टरने ठामपणे लिहिलं असेल आणि दुखणं हे त्या आजाराचाच भाग असेल तर आजाराचा कोड लावायचा, वर दुखण्याचा वेगळा लावायचा नाही. गादी सरकली असेल तर एम५१, मणके झिजलेत असं स्पॉन्डिलोसिस लिहिलं असेल तर एम४७, मणका पुढे घसरला असेल म्हणजे स्पॉन्डिलोलिस्थेसिस तर एम४३.१, नळी अरुंद झाली असेल म्हणजे स्टेनोसिस तर एम४८.०. लंबर स्टेनोसिसमध्ये एक पायरी अजून आहे, एम४८.०६१ म्हणजे न्यूरोजेनिक क्लॉडिकेशन नसताना आणि एम४८.०६२ म्हणजे असताना. पेशंट थोडं चालला की पाय जड पडतात, बसला किंवा पुढे वाकला की बरं वाटतं, अशी तक्रार एचपीआयमध्ये असते, पण क्लॉडिकेशन हा शब्द डॉक्टरनेच लिहायला हवा, आपण वर्णनावरून निदान करायला बसायचं नाही.

दुसरं दार पायाचं, आणि सगळ्यात जास्त चुका इथे. फक्त सायटिका (सायटिक नर्व्हचं दुखणं) असेल तर एम५४.३, उजवी एम५४.३१, डावी एम५४.३२. कंबरदुखी अधिक सायटिका असेल तर दोन कोड लावायचे नाहीत, त्यासाठी एकत्र कोड आहे, एम५४.४१ उजवीकडे, एम५४.४२ डावीकडे, बाजू लिहिलीच नसेल तर एम५४.४०. दोन्ही पायात असेल तर बायलॅटरलचा कोड शोधत बसू नका, तो नाहीच, एम५४.४१ आणि एम५४.४२ दोन्ही लावा. डॉक्टरने सायटिका न म्हणता लंबर रॅडिक्युलोपथी (कंबरेतल्या नर्व्हच्या मुळाचा त्रास) म्हटलं असेल तर एम५४.१६, लंबोसॅक्रल असेल तर एम५४.१७. आणि नुसतं "पेन रेडिएट्स टू लेग" लिहिलंय, सायटिका पण नाही, रॅडिक्युलोपथी पण नाही, तर आपण मनाने सायटिका करायची नाही.

हे सगळं एका चार्टवर बघू म्हणजे डोक्यात बसेल. नमुना नोट धरा: पेशंटची कंबर दुखतेय, डाव्या पायात पोटरीपर्यंत कळ जाते, एमआरआय डॉक्टरने स्वतः बघितला आणि नोटमध्ये लिहिला. असेसमेंटमध्ये तीन ओळी, एक लो बॅक पेन, दोन लेफ्ट सायटिका, तीन एल५-एस१ डिस्क हर्निएशन विथ रॅडिक्युलोपथी. नवीन कोडर इथे प्रत्येक ओळीला कोड देतो, एम५४.५०, एम५४.३२, एम५१.२७, आणि रॅडिक्युलोपथीसाठी एम५४.१७ पण, चार झाले, छान भरगच्च दिसतंय. आता एकेक टॅब्युलरमध्ये (कोडच्या क्रमाने लावलेल्या यादीत) उघडा. एम५४.५ खाली एक्सक्लूड्स१ (यासोबत लावू नका अशी टीप) मध्ये डिस्क सरकल्यामुळे झालेली कंबरदुखी लिहिलीय, म्हणजे एम५४.५० गेला. एम५४.३ खाली डिस्कमुळे झालेली सायटिका एक्सक्लूड्स१ मध्ये आहे, तोही गेला, आणि त्याऐवजी कंबर अधिक सायटिका म्हणून एम५४.४२ घ्यावा म्हणाल तर त्याच्याखालीही तीच नोट. एम५४.१ खाली पण डिस्कसोबतची रॅडिक्युलोपथी बाहेर काढलीय. राहिला एम५१.२७, पण इंडेक्समध्ये (आजारांच्या नावांच्या यादीत) डिस्प्लेसमेंट, इंटरव्हर्टेब्रल डिस्क उघडून खाली न्यूरायटिस, रॅडिक्युलोपथी किंवा सायटिका असेल तर कुठे जायचं ते बघा, तो तुम्हाला एम५१.१ कडे नेतो, आणि एल५-एस१ म्हणजे लंबोसॅक्रल, तर एम५१.१७. चार कोडचा एक कोड झाला. हर्निएशन एल४-एल५ ला असतं तर एम५१.१६. डावं-उजवं या कोडमध्ये नाहीच त्यामुळे ते शोधण्यात वेळ घालवू नका.

यातच अजून एक बारकावा. समजा डॉक्टरने "विथ" लिहिलंच नाही, एका ओळीत डिस्क हर्निएशन आणि दुसऱ्या ओळीत रॅडिक्युलोपथी असं वेगवेगळं लिहिलं. तरी इंडेक्समध्ये विथच्या खाली ती जोडी दिलेली असेल तर गाइडलाइननुसार दोन्हीचा संबंध आहे असंच धरायचं, डॉक्टरने स्पष्ट संबंध नाही म्हटलं तरच वेगळं करायचं. हा नियम माहीत नसल्यामुळे लोक उगाच क्वेरी (डॉक्टरला लेखी प्रश्न) टाकतात आणि डॉक्टर वैतागतात.

एक्सक्लूड्स१ आणि एक्सक्लूड्स२ चा घोळ पण बऱ्याच जणांचा असतो. एक्सक्लूड्स१ म्हणजे हे दोन एकत्र लावायचे नाहीत, अपवाद फक्त दोन तक्रारींचा एकमेकांशी काहीच संबंध नसेल तेव्हाचा. एक्सक्लूड्स२ म्हणजे हे इथे मोडत नाही पण पेशंटला दोन्ही असेल तर दोन्ही लावा. एन्कोडर (कोडिंगचं सॉफ्टवेअर) एडिट (चूक असल्याचा इशारा) दाखवतो तेव्हा नुसतं ओव्हरराइड दाबण्याआधी आकडा एक आहे की दोन तेवढं तरी बघत जा.

तिसरं दार इजेचं. जड खोका उचलला आणि कंबरेत उसण भरली, पायऱ्यांवरून पाय घसरला, अशी हिस्ट्री आणि डॉक्टरने लंबर स्ट्रेन लिहिलंय, तर एस३९.०१२ आणि पुढे सातवं अक्षर. स्प्रेन म्हणजे लिगामेंट असेल तर एस३३.५, तिथे मधल्या रिकाम्या जागा एक्सने भरायच्या, एस३३.५एक्सएक्सए असं. स्ट्रेन हा एम५४.५ च्या एक्सक्लूड्स१ मध्ये आहे म्हणून एस३९.०१२ए सोबत एम५४.५० लावला की एडिट लागलाच समजा. सातव्या अक्षराबद्दल एक गैरसमज अजूनही फिरतो की ए म्हणजे पहिली व्हिजिट आणि डी म्हणजे दुसरी. तसं नाही. ए म्हणजे इजेवर ॲक्टिव्ह उपचार चालू आहेत तोवर, मग डॉक्टर बदलला, तिसऱ्यांदा आला, तरी ए. डी म्हणजे ॲक्टिव्ह उपचार झाले, आता भरून येण्याच्या काळातलं रूटीन काम, म्हणून रिहॅबसाठी फिजिओकडे पाठवलेला पेशंट सहसा डी. जुनी इजा बरी झाली पण कंबर कायमची धरली असेल तर आधी आत्ताच्या तक्रारीचा कोड आणि मागून एस३९.०१२एस.

कसं झालं, कुठे झालं याचे एक्स्टर्नल कॉज कोड पहिल्या नंबरावर कधीच येत नाहीत. सगळ्यांना ते सक्तीचे नाहीत, राज्याचा किंवा पेयरचा नियम असेल तर लागतात, आणि वर्कर्स कॉम्पमध्ये (कामावरच्या इजेच्या विम्यात) ते नसले की फोन येतो हे नक्की.

बरं, तिन्ही दारं बंद निघाली. कारण नाही, पाय नाही, इजा नाही. आता एम५४.५.

एम५४.५० म्हणजे डॉक्टरने फक्त लो बॅक पेन किंवा लंबेगो लिहिलं आणि थांबला. यात लाज वाटण्यासारखं काही नाही. पहिल्या व्हिजिटला फॅमिली डॉक्टरकडे आलेल्या बहुतेक कंबरदुख्यांचं कारण त्या दिवशी सापडतच नाही, तिथे अनस्पेसिफाइड हाच खरा कोड. हायेस्ट स्पेसिफिसिटीच्या नावाखाली नोटमध्ये नसलेलं काहीतरी ओढून ताणून लावणं ही त्याहून मोठी चूक, आणि ऑडिटमध्ये तीच जास्त महागात पडते.

एम५४.५९ चं काम वेगळं. डॉक्टरने दुखण्याचा काहीतरी प्रकार सांगितलाय पण पुस्तकात त्याला स्वतःचं घर नाही, तेव्हा अदर. मेकॅनिकल लो बॅक पेन, ॲक्सियल लो बॅक पेन अशा नोटांना बरेच कोडर ५९ लावतात आणि मलाही ते पटतं, पण क्लायंटची लेखी गाइडलाइन वेगळं सांगत असेल तर वाद घालत बसू नका, गाइडलाइन चालवा.

एम५४.५१ मात्र खास आहे. यात दुखणं मणक्याच्या एंडप्लेटमधून येतं, एमआरआयवर मोडिक टाइप १ किंवा टाइप २ (एंडप्लेटशेजारच्या हाडातले) बदल दिसतात, आणि बेसिव्हर्टेब्रल नर्व्हची (मणक्याच्या हाडातल्या नसेची) ॲब्लेशन प्रोसिजर, म्हणजे ती जाळून निकामी करणं, करतात ती याच पेशंटवर. त्या प्रोसिजरचे सीपीटी कोड ६४६२८ आणि ६४६२९, २०२२ पासून आलेत. म्हणून पेन क्लिनिकचा चार्ट असेल आणि वर प्रोसिजर ६४६२८ आणि खाली डायग्नोसिस एम५४.५० असेल तर थांबा, पेयर मेडिकल नेसेसिटीवर आडवा येणारच. पण उपाय म्हणून मोडिक वाचून स्वतःच ५१ करून टाकायचं नाही हां. वर्टेब्रोजेनिक किंवा व्हर्टेब्रल एंडप्लेट पेन असं डॉक्टरच्या नोटमध्ये पाहिजे, नसेल तर क्वेरी.

क्रॉनिक शब्द दिसला की जी८९ (वेदनेचे वेगळे कोड) कडे धावायची पण सवय असते. नियम असा की कारण नक्की माहीत असेल आणि व्हिजिट त्या कारणाच्या उपचारासाठी असेल तर जी८९ लावायचाच नाही. व्हिजिट खास वेदना कमी करण्यासाठी असेल, म्हणजे इंजेक्शन वगैरे, तर जी८९ आधी आणि जागेचा किंवा कारणाचा कोड नंतर. आणि साधी व्हिजिट, डॉक्टरने क्रॉनिक लो बॅक पेन लिहिलंय, कारण माहीत नाही, तर एम५४.५० आधी आणि क्रॉनिक हे सांगायला मागून जी८९.२९, कारण एम५४.५० स्वतः ॲक्यूट की क्रॉनिक काही बोलत नाही. जी८९.४ क्रॉनिक पेन सिंड्रोम हे वेगळं निदान आहे, खूप दिवस दुखतंय म्हणून ते लावता येत नाही, डॉक्टरने त्याच नावाने लिहावं लागतं.

डिस्क डीजनरेशनवाल्यांनी एक नवीन बदल लक्षात ठेवा, कारण यावर अजून खूप रिजेक्शन दिसतात. एम५१.३६ आणि एम५१.३७ हे १ ऑक्टोबर २०२४ पासून असे पाच अक्षरांवर चालत नाहीत, सहावं लागतं. लंबरला एम५१.३६० म्हणजे फक्त डिस्कोजेनिक कंबरदुखी, एम५१.३६१ फक्त पायात दुखणं, एम५१.३६२ दोन्ही, आणि एम५१.३६९ म्हणजे दोन्हीपैकी कशाचाच उल्लेख नाही. लंबोसॅक्रलला तसेच ३७०, ३७१, ३७२, ३७९. गंमत म्हणजे आपण एवढे दिवस डीडीडी (डिस्क डीजनरेशन) आणि लो बॅक पेन असे दोन कोड लावून जे सांगायचा प्रयत्न करत होतो ते आता एकाच कोडमध्ये बसलं.

काही गोष्टी पटकन. पेशंट गरोदर असेल तर पंधराव्या चॅप्टरचे ओ कोड आधी, गरोदरपणाचा याच्याशी संबंध नाही असं प्रोवायडरने लिहिलं तरच झेड३३.१. कॅन्सरमुळे दुखत असेल तर जी८९.३. ऑस्टिओपोरोसिसमुळे मणका दबला असेल तर एम८०.०८ आणि पुढे एक्स व सातवं अक्षर, त्याला इजेचा एस कोड नाही. कॉडा इक्विना (मणक्याच्या खालच्या टोकाचा नसांचा गुच्छ दाबला जाणं) असेल तर जी८३.४, आणि तो कंबरदुखीच्या टेम्प्लेटखाली लपलेला सापडला तर नोट दोनदा वाचा. कायरोप्रॅक्टरचा मेडिकेअर (सरकारी विमा) क्लेम असेल तर पहिला कोड सबलक्झेशनचा (मणका जागचा हलल्याचा), लंबरला एम९९.०३, आणि दुखण्याचा त्याच्यामागून.

क्लेमवर चढवताना सीएमएस-१५०० या क्लेम फॉर्मच्या २१ नंबरच्या रकान्यात बारा डायग्नोसिसपर्यंत जागा असते, ए ते एल, आणि तिथे कोडमधला पॉइंट लिहायचा नाही. २४ई मध्ये पॉइंटर (ही सेवा कोणत्या निदानासाठी ते दाखवणारं अक्षर), एका ओळीला जास्तीत जास्त चार. बरेच डिनायल कोड चुकल्यामुळे येत नाहीत, पॉइंटर चुकल्यामुळे येतात. पेशंट कंबरेसाठी पण आला आणि खांद्यासाठी पण, इंजेक्शन खांद्यात दिलं आणि पॉइंटर गेला कंबरेकडे, मग पेयरला वाटतं ह्यांनी कंबर दुखते म्हणून खांद्यात सुई टोचली.

आणि एम५४.५० प्रायमरी लावताना अजून एक गोष्ट मागे सुरू होते जी कोडरला सहसा कुणी सांगत नाही. एनसीक्यूए या आरोग्यसेवेचा दर्जा मोजणाऱ्या संस्थेच्या हेडिस मेझर्समध्ये (दर्जाच्या निकषांत) कंबरदुखी आणि इमेजिंगचं एक मेझर आहे, साधी कंबरदुखी निदान झाल्यावर २८ दिवसांच्या आत एक्स-रे, सीटी किंवा एमआरआय काढला का ते बघतात, आणि काढला नसेल तर चांगलं. कॅन्सर, अलीकडची इजा अशी कारणं असतील तर पेशंट त्यातून वगळला जातो, पण ती कारणं क्लेमवर कोड झालेली असली तर. म्हणजे डॉक्टरने योग्य कारणासाठी एमआरआय काढला, नोटमध्ये कारण लिहिलं पण, आणि आपण एम५४.५० लावून मोकळे झालो, की त्या प्रॅक्टिसच्या स्कोअरवर डाग. सेकंडरी कोड भरायचा कंटाळा येतो तेव्हा हे आठवावं.

शेवटी क्वेरी, कारण वरच्या अर्ध्या गोष्टींचं उत्तर तिथेच जातं. क्वेरीत डॉक्टरच्या तोंडात उत्तर कोंबायचं नाही. "सर, हे वर्टेब्रोजेनिक आहे असं लिहाल का, क्लेम पास होईल" हे चालत नाही, पैशाचा उल्लेख तर अजिबात नको. चार्टमधलं जसंच्या तसं समोर ठेवायचं आणि पर्याय द्यायचे, साधारण असं: "आपल्या नोटमध्ये लो बॅक पेन लिहिलं आहे. एमआरआयमध्ये एल४-एल५ ला मोडिक टाइप १ बदल नमूद आहेत. आपल्या वैद्यकीय मतानुसार कंबरदुखीचं कारण किंवा प्रकार अधिक स्पष्ट करता येईल का: वर्टेब्रोजेनिक, डिस्कोजेनिक, इतर, की सध्या ठरवता येत नाही?" शेवटचा पर्याय कधीच गाळू नका, आणि डॉक्टरने तोच निवडला तर एम५४.५० लावून क्लेम पुढे सोडा.